बंद जिनिंगची सरकी

काशीला जाऊन आलेल्या माणसाभोवती गाव जमतं. मी जाऊन आलो होतो बुलढाणा जिल्ह्यातल्या धामणगाव बढ्याला, आणि तरी मी परतलो त्या दिवशी पंधरा घरची माणसं मारुतीच्या पारावर माझी वाट पाहत बसली होती. काशीचं बरं असतं. तिथून आल्यावर कोणाला हो की नाही असं उत्तर द्यावं लागत नाही. मला द्यायचं होतं.

मलाच का पाठवलं ते आधी सांगतो. आमच्या घराण्यात शाळेची पायरी चढलेला पहिला माणूस मी, आणि चढलो तो थेट बी.ए. होईपर्यंत थांबलो नाही. हे मी लपवत नाही, कारण त्यात लपवण्यासारखं काही नाही. नागपूरला चार वर्षं हाताने भाकरी थापल्या, दुसऱ्यांच्या पुस्तकांतून टिपणं उतरवली आणि अर्थशास्त्र घेऊन पास झालो. आमचं गाव आर्वीच्या बाजूला. नदी ओलांडली की वऱ्हाड. दोन्हीकडे सरकार एक, काळी माती एक आणि कापूसही एकच. आमच्याकडे सरकी काढायला कापूस न्यावा तर दोन दोन दिवस गाड्या जिनिंगच्या फाटकाबाहेर उभ्या राहतात, आणि मालक सांगेल तो दर मुकाट द्यावा लागतो. म्हणून पंधरा घरांनी मिळून आपलीच जिनिंग बांधायचं मनात घेतलं. तेवढ्यात कोणीतरी बातमी आणली की धामणगाव बढ्याच्या शेतकऱ्यांनी अशी जिनिंग बांधली आहे आणि सभासदांना दरसाल वाटा मिळतो.

"आपल्यात बी.ए. हाये ना?" मोठेबाबा म्हणाले. मोठेबाबा म्हणजे माझ्या वडलांचे थोरले भाऊ. "जाऊन पाहू द्या त्याले. तो हो म्हणन तर बांधू. नाही म्हणन तर विषय खतम."

आपल्या वाट्याचे पैसे उभे करायला नाल्याकाठचं वावर विकायचं बाबांनी ठरवलं आहे हे माय मला चुलीपाशी सांगून गेली होती. त्या वावरात मी लहानपणी पाखरं हाकली आहेत.

जाताना मी एक जाड वही घेतली. पानाच्या मधोमध रेघ मारली. डावीकडे 'फायदा', उजवीकडे 'तोटा'. म्हटलं, ऐकू ते लिहू, आणि जी बाजू भरेल तिच्याप्रमाणे उत्तर देऊ. कॉलेजात शिकलेल्या माणसाला यापेक्षा अवघड काय असणार?

मलकापूर

रेल्वेचं वर्णन करत नाही. बाकावर बसलो आणि उतरलो. दिवाळी होऊन गेली होती आणि कापसाचा हंगाम भरात होता. स्टेशनाबाहेर पाहावं तिकडे गाड्याच गाड्या. रस्त्याकडेच्या बाभळींनी येणाऱ्या-जाणाऱ्या गाड्यांतून इतका कापूस ओरबाडून घेतला होता की त्यांनाच बोंडं आली आहेत असं वाटावं. आमच्या बाजूला बाभळीवरचा कापूस पोरंसोरं वेचून नेतात. इथे त्याच्याकडे कोणी पाहतही नव्हतं.

चहाच्या दुकानात बसून मी धुराडी मोजली. धूर मोजला तेव्हा निम्माही भरला नाही.

"ही बाकीची बंद का?" मी दुकानदाराला विचारलं.

"त्याहिले सुट्टी हाये."

"ऐन हंगामात सुट्टी?"

"बारा महिने सुट्टी हाये त्याहिले, बाबूसाहेब. पगारी." तो आपल्या भट्टीला पंखा घालत म्हणाला.

दुकानात बसलेले दोघे हमाल हसले. मला वाटलं, माझा कोट पाहून थट्टा चालली आहे. मी वहीत काही लिहिलं नाही. आता वाटतं, सगळ्या प्रवासात सर्वांत सरळ गोष्ट तो चहावालाच बोलला होता.

पुढे मोताळ्यापर्यंत मोटार लॉरी. नळगंगा नदीच्या चढावर ती थांबली, तेव्हा ड्रायव्हरने सगळ्यांना उतरवून ढकलायला लावलं. मीही ढकललं. बी.ए. आहे म्हणून बसून राहिलो नाही. पण खिशातली शाईची दौत मात्र लॉरीला टेकून फुटली आणि कोटाची डावी बाजू निळी झाली. पुढचे तीन दिवस मी ज्या ज्या माणसाशी बोललो तो आधी त्या डागाशी बोलला.

मोताळ्याहून धामणगावला जाणारी एक बैलांची दमणी मिळाली. हाकणारा श्रावण नावाचा तिशीतला शेतकरी, धामणगावचाच. दोन्ही बाजूंना कपाशी फुटलेली, मधून तुरीची पिवळी फुलं, आणि दक्षिणेला अजिंठ्याचे डोंगर निळसर. माझ्या कोटासारखेच, असं श्रावणच म्हणाला.

"तुमच्या गावात शेतकऱ्यांची जिनिंग आहे म्हणे?" मी विषय काढला.

"हाये ना! लय मोठी. धुराडं पार शिवेवरून दिसते."

"मग तुमचा कापूस तिथंच नेत असाल."

"नाही. मलकापूरले."

"का?"

"ते बंद राह्यते."

"बिघडली?"

"काऊन बिघडन? नवीकोरी हाये. इब्राहिम मिस्त्री रोज पुसून राह्यला तिले. घरची नवरी एवढी पुसल्या जात नाही."

"मग बंद का?"

श्रावणने बैलांना टिचकारी दिली आणि मागे वळून माझ्याकडे पाहिलं. "बंद ठेवाचे पैसे भेटतेत बावा."

"कोणाला?"

"ज्याहिचे शेअर हायेत त्याहिले. मले काय भेटते? धुराडं त्याहिचं, धूर मलकापूरले, आन दर मी देऊन राह्यलो."

मी वही उघडली. 'बंद ठेवण्याचे पैसे मिळतात' हे फायद्यात लिहिलं. मग श्रावणच्या पाठीकडे पाहिलं आणि तेच वाक्य तोट्यातही लिहिलं.

धामणगाव बढे

रामराव पाटील हे त्या जिनिंगचे चेअरमन. साठीचे, गोल चेहऱ्याचे, आणि बोलायला इतके मोकळे की मला आधी संशयच आला. त्यांच्याकडेच उतरलो. जेवायला कळण्याची भाकर आणि वांग्याचं भरीत. भरितावर कच्चं तेल ओतून, वर कांद्याची पात. आमच्याकडे वांगी म्हटली की रोडग्यांबरोबर शिजवलेली, तर्रीची. खानदेश इथून जवळ, त्यामुळे ताटातच शीव ओलांडल्यासारखं वाटतं. तीन भाकरी खाल्ल्या. चौथीला नको म्हणालो तर पाटलांच्या सूनबाई आतून म्हणाल्या, "शिकलेल्या माणसाचं पोट लहान असते का?" खाल्ली.

जेवण झाल्यावर मी वही काढली आणि सरळच विचारलं, "पाटील, जिनिंग चालवत का नाही?"

"चालवली ना. तीन हंगाम चालवली," पाटील म्हणाले. "आमी सुरू केली तवा मलकापूरवाल्यांचा दर लय होता. आमी कमी ठेवला. गाड्या इकडं येऊ लागल्या. मंग त्या सगळ्या मालकांनी एका केला."

हा 'एका' म्हणजे काय ते सांगतो, कारण पुढचं सगळं त्याच्यावर आहे. गावोगावच्या जिनिंगवाल्यांनी एकत्र येऊन करार करायचा: दर सर्वांनी एकच ठेवायचा, थोड्याच जिनिंग चालवायच्या, बाकीच्या बंद ठेवायच्या, आणि जो नफा होईल तो चालू असलेल्यांनी आणि बंद असलेल्यांनी ठरल्या वाट्याने घ्यायचा. इंग्रजीत त्याला 'पूल' म्हणतात. हे माझ्या पुस्तकातही होतं, अर्ध्या पानात. परीक्षेला ते येत नाही म्हणून मी सोडून दिलं होतं.

"एक्यानं दर पाडला," पाटील सांगत होते. "आमी बी पाडला. त्याहिनं आनखी पाडला. शेवटी त्याहिनं फुकट सरकी काढून द्याले सुरुवात केली. फुकट! आमचेच सभासद गाड्या जुंपून मलकापूरले गेले."

"स्वतःची जिनिंग सोडून?"

"हाव."

"तुम्ही त्यांना अडवलं नाही?"

"कसं अडवू?" पाटील माझ्याकडे नवलाने पाहत म्हणाले. "माही गाडी सगळ्यात पुढं होती."

मी पेन्सिल खाली ठेवली. ते हसले नाहीत, म्हणून मलाही हसता आलं नाही.

पुढचं थोडक्यात असं. जिनिंग बुडायला आली, तेव्हा एक्यातून माणूस आला. म्हणाला, आमच्यात या, बंद ठेवा, वाटा घ्या. हे गेले. आता दर पुन्हा पहिल्यासारखा चढला आहे. सभासद मलकापूरला जास्त दर देतात आणि त्यातला काही भाग वर्षअखेर वाटा म्हणून घरी आणतात.

"मग यात फायदा झाला की तोटा?" मी विचारलं.

"तेच तर आमी तुमाले विचारणार होतो," पाटील म्हणाले. "बी.ए. माणूस येऊन राह्यला म्हनून कळलं, तवा म्या सुनेले सांगलं, आता उलगडा होते."

सरकीचा दिवस

माझं नशीब असं की मी पोचलो त्याच्या दुसऱ्याच दिवशी ती बंद जिनिंग चालणार होती. करारात एक अट आहे. वाटा हवा तर बंद जिनिंग चालण्याजोगी असली पाहिजे. म्हणून दरसाल एक दिवस एक्याचा इन्स्पेक्टर येतो, बायलर पेटवायला लावतो, यंत्रं फिरताना पाहतो, कागदावर सही करतो आणि जातो.

हा कागदावरचा प्रकार. गावाने त्याचं काय केलं ते बघा. मलकापूरला कापूस गेला की तो हजारो गाड्यांच्या कापसात मिसळतो आणि सरकी परत मिळते ती कोणाची कुठली, कोणास ठाऊक. अर्धी उगवते, अर्धी उगवत नाही, आणि उगवते त्यात एक झाड उंच तर दुसरं गुडघ्याएवढं. म्हणून या लोकांनी असं ठरवलं की तपासणीच्या दिवशी प्रत्येक घराने आपल्या चांगल्या झाडांचा निवडून वेचलेला कापूस आणायचा आणि आपल्याच जिनिंगवर पेरणीपुरती सरकी काढून न्यायची. इन्स्पेक्टर सही करून गेला तरी यंत्रं दिवस मावळेपर्यंत चालत. एका घरचा कापूस झाला की यंत्र थांबवून इब्राहिम मिस्त्री कुंचा मारतो, एकही दाणा राहू देत नाही, आणि मग दुसऱ्या घरचा लावतो.

सकाळी आम्ही गेलो तेव्हा अंगणात गठोड्यांची रांग लागलेली. कोणाचं धोतराच्या फडक्यात, कोणाचं जुन्या गोधडीच्या खोळीत, कोणाचं लग्नातल्या शालूच्या तुकड्यात. कापड वेगळं म्हणजे सरकी वेगळी. चिठ्ठी नाही, नंबर नाही, तरी चूक होत नाही. सभासद नसलेल्या श्रावणचंही एक गठोडं त्यात होतं. रांगेत शेवटून तिसरं.

बायलरमध्ये कपाशीच्या वाळक्या पऱ्हाट्या घालणं चाललं होतं. इब्राहिम मिस्त्री म्हणजे सुकडा, पांढऱ्या दाढीचा, मलकापूरच्या जिनिंगमध्ये जन्म काढलेला. पट्ट्यावर हात ठेवून तो मला म्हणाला, "बाबूसाब, सालभर मी हिचा पहारेकरी हाये. आजच्या दिवस मिस्त्री हाये." भोंगा वाजला आणि सगळं गाव हसलं. खरंच हसलं, लग्नातल्या वाजंत्र्याला हसावं तसं. मीही हसलो, का ते माहीत नाही.

मग इन्स्पेक्टर आला. दर वर्षीचा म्हातारा नव्हे, नवा. टोपी, कोट, सायकल. बोलता बोलता निघालं की हाही नागपूरचाच, माझ्यापुढे दोन वर्षं. मला बरं वाटलं. मीच त्याला सावलीत खुर्ची दिली.

तीन गठोडी होईतो तो शांत उभा होता. मग त्याने घड्याळ पाहिलं आणि म्हणाला, "झालं. यंत्रं ठीक आहेत. बंद करा."

इब्राहिमने ऐकलं नाही असं दाखवलं.

"पाटील," इन्स्पेक्टर म्हणाला, "मागच्या वर्षी इथून दिवसभर धूर निघाला अशी तक्रार आहे. तपासणी म्हणजे तपासणी. आता एक जरी गठोडं लागलं तर मला 'जिनिंग चालवली' असं लिहावं लागेल. मग या सालचा वाटा जाईल. माझी नोकरी आहे, मी खोटं लिहिणार नाही."

त्यात त्याचं काही चुकत नव्हतं. तरी अंगणात असा गलका उडाला की शेवटी तो माझ्याकडे वळला. "तुम्ही शिकलेले आहात. तुम्हीच समजावा यांना."

मी उठलो. खरं सांगतो, मला ते आवडलं. मी करार म्हणजे काय, सही म्हणजे काय, सर्वांच्या हिताचं बंधन म्हणजे काय हे चांगलं सांगितलं. बोलून झाल्यावर रांगेतून एक बाई पुढे आल्या. पन्नाशीच्या, उंच, कपाळावर गोंदण. नाव पार्बताबाई. नवरा तापाने पडलेला, म्हणून त्यांच्या जागी सभासद म्हणून आलेल्या. त्यांच्या विहिरीकाठच्या तुकड्यातली सरकी अर्धं गाव मागून नेतं, हे मला आदल्या दिवशी पाटलांच्या सुनेने सांगितलं होतं.

"भाऊ," त्या म्हणाल्या, "यंत्र चालते का, हे पाहाले तीन गठोडी पुरली. बरं झालं. आता माही सरकी पुढच्या साली उगवते का, हे कोन पाहीन? तुमी का हे सायेब?"

मी इन्स्पेक्टरकडे पाहिलं. तो घड्याळाकडे पाहत होता.

शेवटी पाटलांनी मत घ्यायचं ठरवलं. जिनिंग चालू ठेवायची की थांबवायची, सभासदांनी हात वर करून सांगावं. कोणीतरी कुरकुरला की बाईमाणसाचा हात धरायचा का. पाटील म्हणाले, "हात घरचा हाये. घरातून कोनी बी आनो."

"थांबवा म्हणणारे?"

एक हात वर झाला, मग चार, मग पुष्कळ. माझं लक्ष पार्बताबाईंकडे होतं. त्यांनीही हात वर केला. सरळ, कोपर न वाकवता.

इब्राहिमने वाफ सोडली. पट्टे थांबले. श्रावणने आपलं गठोडं उचललं, खांद्यावर टाकलं आणि माझ्याजवळून जाताना हळूच म्हणाला, "समजावलं चांगलं तुमी."

मला राहवलं नाही. पार्बताबाई गठोडं बांधत होत्या तिथे गेलो. "बाई, एवढं बोललात, आणि हात थांबवण्याला वर केलात? का?"

"शेअर माह्या मालकाचा हाये," त्या गाठ ओढत म्हणाल्या. "सरकी माही हाये. हात त्याच्या शेअरचा वर केला."

"पण नुकसान तुमचं झालं ना?"

"झालं ना."

"मग?"

"मंग काय मंग? वाटा सोडला असता तं तेबी माहंच नुकसान व्हतं." आणि गठोडं डोक्यावर घेऊन त्या निघाल्याही.

मी तिथेच वही उघडून उभा राहिलो. पार्बताबाईंचं नाव कोणत्या बाजूला लिहायचं ते कळेना. रेघेवर लिहिलं.

दुपारी इन्स्पेक्टर पाटलांकडे जेवला, आणि आम्ही दोघं चहा घेऊन जिनिंगच्या बाजूने फिरायला निघालो. त्याची सायकल तिथेच होती. फाटकाशी पोचलो तर आतून करकर आवाज. इन्स्पेक्टरचा चेहरा उतरला. "चालवली वाटतं," तो म्हणाला. पण धुराड्यातून धूर नव्हता.

आत पाहतो तर त्या बंद जिनिंगच्या ओट्यावर, धुराड्याच्या सावलीत, तीन रेचे मांडलेले. रेचा म्हणजे सरकी काढायचं हाताचं यंत्र: दोन लाकडी रूळ, एक दांडा, बस्स. आजोबांच्या वेळी घरोघर असत, मग जिनिंग आल्या आणि माळ्यावर गेले. हे तीन गावभर शोधून आणलेले. बायका पाळीपाळीने दांडा फिरवत होत्या, रूळांमधून रुई पलीकडे जात होती आणि सरकी अलीकडे टपटप पडत होती. पार्बताबाई पहिल्या रेच्यावर. इब्राहिम मिस्त्री खाली उकिडवा बसून इंजिनाच्या बुधलीतलं तेल थेंब थेंब रेच्याच्या कानाला घालत होता. आणि शेवटच्या रेच्यावर श्रावण.

"घरी काऊन नाही बसल्या?" मागून आलेल्या पाटलांनी विचारलं.

"जिनिंग आमची हाये ना?" पार्बताबाई म्हणाल्या. "सावली तं घेऊ तिची."

इन्स्पेक्टरने एक रेचा वाकून पाहिला. मग मला इंग्रजीत म्हणाला की करारात रेच्याबद्दल काही नाही. आणि सायकल घेऊन गेला. जाताना त्याने दोनदा मागे वळून पाहिलं.

मी कोट काढला आणि रेच्यावर बसलो. तास झाला नसेल, तळहाताला फोड आला आणि सरकी पडली ओंजळभर. कॉलेजात आम्हाला शिकवलं होतं की हात मागे पडतात आणि यंत्र पुढे जातं, आणि यंत्रामागून भांडवल, भांडवलामागून संघटना, अशी ती पायरी. इथे संघटना होती, भांडवल होतं, यंत्र होतं, आणि त्या तिन्हींच्या सावलीला बसून मी हाताने सरकी काढत होतो. प्रोफेसरांना पत्र लिहावं असं मनात आलं. पण त्यात प्रश्न कोणता विचारायचा?

निघताना पार्बताबाईंनी फडक्यात पायलीभर सरकी बांधून दिली. "तुमच्या मायले द्या," एवढंच म्हणाल्या.

परत

पारावर पंधरा घरं. मोठेबाबा मध्ये, बाबा कडेला. मी सगळं सांगितलं, एक्यापासून रेच्यापर्यंत, काही लपवलं नाही. माझं भाषणसुद्धा सांगितलं.

"म्हंजे," मोठेबाबा सावकाश म्हणाले, "बंद ठेवाचे पैसे भेटतेत."

"हो."

"मंग आपण बांधतच नाही. आत्ताच बंद हाये आपली. द्या म्हणा पैसे."

"बांधल्याशिवाय बंद कशी ठेवता येईल?" मी म्हणालो.

सगळा पार हसला. मला त्यात हसण्यासारखं काही दिसलं नव्हतं. मी अर्थशास्त्रच सांगत होतो.

"ते जाऊ द्या बे," मोठेबाबांनी हात वर केला. "तू सांग. हो का नाही?"

मी बाबांकडे पाहिलं. ते माझ्या कोटावरच्या डागाकडे पाहत होते. त्या पारावर माझ्या तोंडून निघालेला शब्द लोक वावर विकून पाळणार होते. मी आयुष्यात पहिल्यांदा, बी.ए. झाल्यानंतर तर नक्कीच पहिल्यांदा, चारचौघांत म्हणालो, "मला कळलं नाही. चालवली तर ते फुकट काढून बुडवतील. बंद ठेवली तर आपणच आपल्याला जास्त दर देऊ. न बांधावी तर आहे तेच. मी हो म्हणत नाही, नाहीही म्हणत नाही."

कोणी हसलं नाही.

बाबाच बोलले. "मी बांधा म्हणतो."

"का?" मी विचारलं.

"दर ठरवतेत तिथं आपला एक तरी माणूस बसन."

एकेक करून हात वर झाले. चौदा. एकाने केला नाही, आणि तोही नंतर आला. नाल्याकाठचं वावर त्याच आठवड्यात गेलं. बाबांनी बरोबर केलं की चूक, हे मला आजही सांगता येणार नाही.

घरी मायने फडकं सोडलं, सरकी तळहातावर घेऊन नखाने दाबून पाहिली. "कोनाची हाये?" तिने विचारलं. एवढ्या लोकांत तो प्रश्न तिनेच विचारला. मी सांगितलं. मग तिने माळ्याकडे पाहिलं आणि म्हणाली, "आपला रेचा तथीच असन. दांडा मोडला हाये."

सेक्रेटरी म्हणून त्यांनी मलाच नेमलं. ज्याला कळलं नाही त्यालाच का, असं मी विचारलं तर मोठेबाबा म्हणाले, दुसरं कोणाला लिहिता येते? तेव्हा नियम लिहायचं काम माझ्याकडे आहे. त्याच वहीत, त्याच रेघेवरून आडवं, पहिलं कलम लिहिलं: जिनिंग चालू असो वा बंद, दरसाल एक पूर्ण दिवस पेरणीच्या सरकीचा राहील, आणि त्या दिवशी सभासद असो वा नसो, गठोडं ज्याचं, सरकी त्याची. याच्याविरुद्ध कोणताही करार पंचांनी करू नये.

ते पारावर वाचून दाखवलं. सर्वांनी माना डोलावल्या.

दुसरं कलम काय लिहावं, ते मला अजून सुचलेलं नाही.